बुरशी

रायबंदरच्या दमट खोलीत
टेपांना बुरशी चढलीय.
कापसाला स्पिरिट लावून
एकेक चेहरा पुसत बसलोय.

कायतान पाडेली.
माडावरून पडला ते मी टिपलं नाही,
नंतरचं सगळं टिपलं.

सव्वीस वर्षं. चार पारितोषिकं,
त्यातलं जडसं एक
वाऱ्यानं दार आपटू नये म्हणून.

कळंगुटची थावरीबाई,
पोलीस दिसला की माळा वाळूत पुरायची.
एकदा म्हणाली, एवढं काढतोस,
एक बारका फोटो दे की,
रेशनकार्डाला लावायला.
हा कॅमेरा तसला नाही गं, म्हणालो.
ती हसली.
ते हसू फिल्ममध्ये घेतलं,
लोकांना फार आवडलं.

आज मूळ टेप लावली.
खाली चोडणची फेरीबोट भोंगा देतेय.
पांढऱ्या जाळीतून थावरीबाई हसते,
आणि मग, मी कापलेल्या तुकड्यात,
ओढणी सारखी करते,
चांदीचे झुबे मागे सारते,
दोन्ही कान दिसतील अशी
ताठ, न हलता, उभी राहते.

बराच वेळ.

मी कॅमेरा हळूहळू वळवून
मागच्या समुद्रावर नेतो.