तिसरं बटण

नवा कोट जुना करायला चार दिवस लागतात.
पहिल्या रात्री खिशांत नदीकाठचे गोटे भरून
नातेला तो खुंटीला टांगते.
खिसे लोंबायला हवेत,
अकरा हिवाळे हात कोंबलेत त्यांत कुणीतरी.
मग कोपरांवर चीजची किसणी, कॉलरला मेण आणि राख,
काखेत चहाचं पाणी, बेतानं:
‘घामट नाहीये हा. नुसता थकलाय.’

कोट तीन, हुबेहूब.
गोळी लागण्याआधीचा, नंतरचा,
आणि एक पावसासाठी, शिवण जरा सैल.
पटकथेत एवढंच: विधुर, पन्नाशी, कोट.

रात्री दोनला तिनं तिसरं बटण उसवलं
आणि तपकिरी कापडावर निळ्या दोऱ्यानं परत लावलं,
वेडंवाकडं, गाठ बाहेर.
मी म्हटलं, कॅमेऱ्याला दिसणार नाही हे.
‘कॅमेऱ्यासाठी कोण लावतंय?’
मग उरलेल्या दोघांवरही,
अगदी तेवढंच वाकडं.

सकाळी ओतारनं कोट चढवला.
तिसऱ्या बटणापाशी थांबला.
कुणी काही सांगितलं नव्हतं.
बोटानं गाठ चाचपली,
आणि त्याच्या पाठीला बाक आला.

तो प्रसंग संकलनात गेला.
कोट गोदामात आहेत, एकाच्या गळ्यात चिठ्ठी:
प्रसंग ४१, पाऊस.

परवा तिबिलिसीच्या मिनीबसमध्ये
समोरच्या म्हाताऱ्याच्या बाहीकडे ती इतकी टक लावून बघत होती
की त्यानं ओशाळून हात मागे घेतला.
उतरल्यावर म्हणाली,
‘बघितलंस? स्वतः शिवलंय.
आपलं बटण फारच नेटकं झालं.’