तीनशे साठ ओळी

सप्टेंबर ब्याण्णव. डुलुथ. सरोवरावरून वारा असा
की बँकेचं दार उघडलं की टेबलावरचे कागद
माझ्याआधी उठून उभे राहायचे.
समोर मार्लिस आणि वेंडेल कोस्केला.
तो खनिजाच्या धक्क्यावरून थेट आलेला, नखांत तांबडी धूळ.
तिला सातवा महिना. पर्समधून स्वतःचं पेन काढलं तिनं,
आमच्या पेनांवर विश्वास नसल्यासारखं.

साठ हजार. आठ टक्के. तीस वर्षं.
महिन्याला चारशे चाळीस डॉलर सव्वीस सेंट.
"हे सव्वीस सेंट कशाचे?" वेंडेल हसला.
गणिताचे, मी म्हटलं.

मागे प्रिंटर करकरत होता.
कडांना भोकं असलेला तो लांबच लांब कागद
घडीवर घडी पडत जमिनीवर उतरला.
पहिली ओळ मला न बघता दिसायची:
व्याज चारशे,
मुद्दल चाळीस सव्वीस.
म्हणजे त्या महिन्यात त्यांनी घराचं काय विकत घेतलं?
फार तर पुढच्या दाराची बिजागरी. तिचे स्क्रू.

शेवटच्या घडीवर बेरीज होती,
एक लाख अठ्ठावन्न हजार चारशे चौऱ्याण्णव.
दामदुपटीची वेस ओलांडून पार रानात गेलेला आकडा.
तो छापणं मला बंधनकारक होतं.
वाचून दाखवणं नव्हतं.
मी घडी पाकिटात सरकवली
आणि सह्यांच्या जागी पेन्सिलीनं फुल्या केल्या.

टोपी घालता घालता दारात वेंडेल थांबला.
"महिन्याला पन्नास जास्त भरले तर?"
मी म्हटलं, बाळ येतंय, ओढाताण कशाला करता,
बघू पुढे.
खोटं नव्हतं ते.
माझा आवाजसुद्धा मऊ होता.

दहा वर्षांनी भाजीच्या दुकानात मार्लिस भेटली.
बावन्न हजार आठशे भरून झाले होते,
कर्जातून सुटले होते सात हजार तीनशे.
तिनं विचारलं नाही, मी सांगितलं नाही,
आम्ही दोघी बटाटे दाबून बघत राहिलो.

मग धक्क्यावरची माणसं कमी झाली. वेंडेल बर्फ ढकलणाऱ्या गाडीवर गेला.
छप्पर बदललं. बॉयलर दोनदा. गुडघा एकदा.
मार्च दोन हजार चौदा, दोनशे सत्तावन्नावा हप्ता:
त्या महिन्यात पहिल्यांदा मुद्दलाचं पारडं व्याजाहून खाली आलं.
कुणी मेणबत्ती लावली नाही.
बहुधा मंगळवार असेल, बहुधा सूप असेल.

शेवटचा हप्ता गेला त्या ऑक्टोबरात
मार्लिस माझ्या घरी आली, वेलदोड्याची वेणीसारखी पाव घेऊन.
पिशवीत तो कागद होता, पिवळा पडलेला.
चमच्यांच्या खणात तळाला अंथरला होता म्हणे तीस वर्षं.
दोनशे पंचावन्नाव्या ओळीखाली पेन्सिलीची रेघ,
बाजूला वेंडेलचं गिचमिड अक्षर:
पन्नास जास्त भरले असते तर इथे संपलं असतं.
तेहतीस हजार.

"हे कधी मांडलं त्यानं, मला माहीत नाही," ती म्हणाली.
"कधीतरी हिवाळ्यात. बोलला नाही कधी."
मग पावाचा तुकडा मोडत, माझ्याकडे न बघता,
"तुला ठाऊक होतं?"

ठाऊक असणं हीच माझी नोकरी होती, मार्लिस.

ती रागावली नाही. तेच कठीण गेलं.
म्हणाली, ब्रिटा त्या स्वयंपाकघरात चालायला शिकली,
त्याचं भाडं कुणी लावलं असतं कोण जाणे.
मग उठली. तिला पोचवायला मी तिच्या दारापर्यंत गेले.

बिजागरी नवी होती, पितळेची.
पहिली कधीच गंजून गेली, ती म्हणाली,
सत्त्याण्णव सालीच फेकून दिली.