कुंडीत पुरलेला बर्फ

नकाशावर आमचं गाव एसिखा,
लोकांच्या तोंडी मात्र तवा.
दुपारी तीनला गल्लीत सावलीसुद्धा
भिंतीला पाठ लावून, पोट आत ओढून उभी असते.
अशा वेळी मी फ्रीझरचं दार उघडून
जरा जास्तच वेळ त्याच्यासमोर थांबते. कोर्चो,
त्याचा तुझ्याशी काही संबंध नाही.

तुझ्यासाठी काल रात्री
कोंबडीच्या माना मंद आचेवर ठेवल्या.
कांदा वगळला, लसूण वगळला, मीठ चिमूटभरही नाही.
जन्मात पहिल्यांदा इतकं अळणी रांधलं
आणि पहिल्यांदाच कुणी नाव ठेवलं नाही.
रस्सा निवला, वरची चरबी काढली, गाजर किसलं.
कलिंगडाच्या बिया सुईच्या टोकाने उचलल्या,
एकूण एक
(डोळ्यांचा डॉक्टर म्हणतो, तुम्हाला दिसत नाही).
अर्ध्या खणांत रस्सा, अर्ध्यांत कलिंगड नि साधं दही.
हा ट्रे एलादिओचा.
संध्याकाळच्या पेल्यासाठी तो यात बर्फ लावायचा.
दोन खण चेपलेत, भिंतीवर आपटल्याने.
कुणी आपटला ते विचारू नकोस.

माझा बाप बर्फाच्या कारखान्यात होता.
खांद्यावर गोणपाट, गोणपाटावर लादी,
मासळीबाजार येईतो
लादीही अर्धी, बापही अर्धा.
म्हणायचा, बर्फवाल्याने मागे वळून पाहू नये,
रस्त्यावर सांडलेली मजुरी दिसते.

शिकारीचा हंगाम सरला की फेब्रुवारीत
ऑलिव्हच्या बागांकडेला तुझ्यासारखे सापडतात.
गळ्यात तुटकी दोरी, शेपूट पोटाशी,
बाटलीच्या बुचाचा रंग.
निवाऱ्यातली बेगोन्या म्हणाली,
उन्हाळ्यात ह्याला गार काही चाटायला द्या.
तिला काय, सांगायला सोपं.

दुधाने तोंड पोळलं की ताकही फुंकून पितात,
तू तर बर्फ फुंकलास.
दोन पावलं मागे. पुन्हा पुढे. पुन्हा मागे.
मग दातांच्या टोकांत तुकडा धरून,
जणू कुणाचं अंडं चोरलंय,
अंगणात गेलास, जिरेनियमच्या कुंडीत खड्डा केलास,
पुरलास,
नाकाने माती सारखी केलीस.
उद्यासाठी.

दुसऱ्या सकाळी उकरलंस.
खोल उकरलंस. कुंडीचा तळ खरवडलास.
मग माझ्याकडे पाहिलंस.
चोर सापडल्यासारखं पाहिलं असतंस
तर मी भांडले असते.
तू पाहिलंस ते, हे असंच असतं माहीत असल्यासारखं.

म्हणून त्या दिवसापासून
तू फरशीवर पसरून झोपलेला असताना,
समोरच्या दुकानाचं शटर वर जायच्या आधी दहा मिनिटं,
बाहत्तराव्या वर्षी, गुडघे टेकून,
मी कुंडीत बर्फ पुरते.
अंगुस्तियासने गॅलरीतून विचारलं,
या उन्हात पेरतेस काय?
म्हटलं, हो.
काय उगवेल?
म्हटलं, कुत्रा.

अकरा दिवस तुला तुझी ठेव सापडत राहिली.
मातीसकट चाटलीस.
मुंग्या झाल्या. जिरेनियम मात्र
कोंबडीच्या रश्श्यावर असा माजलाय
की अंगुस्तियास कलम मागते.

आज बारावा.
तुला तुकडा दिला आणि दुसरा मुठीत लपवून
तू झोपायची वाट पाहत बसले.
तू कुंडीकडे गेलाच नाहीस.
तिथेच, स्वयंपाकघरात, चाटायला लागलास.
तुकडा निसटला, फरशीवरून सुसाट,
तू मागे, चारही पाय चार दिशांना,
आणि तो थेट फ्रिजखाली.
पंजा घातलास. पोचेना.
तेव्हा तू भुंकलास.

पाच महिन्यांत तुझा आवाज ऐकला नव्हता.
जाड आहे. इतक्या बारीक कुत्र्याला शोभत नाही.

माझ्या मुठीतला तुकडा संपत आला,
कोपरावरून थेंब थेंब खाली.
बाबा, मी मागे वळून पाहिलं.
फरशी ओली आहे, बस.

फ्रिजखालचाही एव्हाना पाणी झाला असेल.
तुला कोण सांगणार,
तू भुंकतोयस अजून.