गुरुवार पेठ, गुरुवार

दिवसभर येरवड्याच्या प्रयोगशाळेत मी खापरं धुते.
मऊ ब्रश, नळाचं पाणी, निळा प्लास्टिकचा टब.
वाळली की आतल्या बाजूला काळ्या शाईनं नंबर घालते,
चुकला तर स्पिरिटनं पुसते.
चौतीस वर्षं हेच.

घोड नदीच्या काठची ती माणसं, तीन हजार वर्षांपूर्वीची,
घरातलं कुणी गेलं की घरातच पुरायची,
सारवलेल्या जमिनीखाली, पोरं झोपत तिथंच,
आणि पुरण्याआधी घोट्यापासून पाय तोडायची.
भुतानं परत येऊ नये म्हणून, असं सर सांगतात.
मी टबावरून मान वर करत नाही.
परत यायला नको असतं
तर अंथरुणाखाली कशाला ठेवलं असतं?
मला वाटतं, कुठं निघून जाईल याचीच त्यांना धास्ती.

आज लवकर निघाले. पवित्र आठवड्यातला गुरुवार.
पाच हौदांच्या चर्चमध्ये संध्याकाळी बारा जणांचे पाय धुतात,
यंदा बारांत आमचा रूफस.
पीएमटीत कंडक्टर होता, टाचांना भेगा,
दुपारपासून दगडानं घासतोय.

उपासनेआधी मागच्या बाकावर
तिघी आत्या आणि एस्तेरकाकू. विषय ठरलेला:
मोठ्या दुष्काळात पणजा शांतवन
शेवगावाकडून पुण्याला कसा आला.
अनवाणी, मार्थाआत्या म्हणते.
अनवाणी कसा? एक वहाण होती,
दुसरी शिरूरला घोड नदीत वाहून गेली. ही सगुणाआत्या.
दीनाआत्या म्हणते, मिशनच्या बैलगाडीतून आला,
वहाणेचं काय घेऊन बसलात.
एस्तेरकाकू या घरात लग्न होऊन आली,
शांतवनला पाहिलेलं कुणी तिनं पाहिलं नाही.
तीच सगळ्यात छान सांगते. बैलांची नावंसुद्धा.
पोरं तिचंच ऐकतात.

चर्चच्या वहीत एकच ओळ आहे.
नाव. वय अंदाजे. गावाच्या रकान्यात शाईचा डाग.

यरुशलेमेतही असंच झालं असणार.
तीस-चाळीस वर्षं कुणी कागद हातात घेतला नाही.
कुणी मासे धरणारा, कुणी जांभळं कापड विकणारी,
कुणी उशिरा आलेला, त्याला कधी न भेटलेला,
जेवायला बसले की सुरू.
कबरीपाशी देवदूत एक होता.
एक कुठला, दोन होते!
भाकर मोडेपर्यंत भांडण,
मोडली की सगळे गप्प, आपापला तुकडा चावत.
पुढं लिहून झालं तेव्हाही
चारांची एक गोष्ट करावी हे बहुतेकांना पटलं नाही.
चारही ठेवल्या, जुळेनात तरी.
आणि तो आला तेव्हा ओळख पटेना, म्हणून
हात दाखवले, पाय दाखवले, मग विचारलं,
खायला आहे का काही?

आमच्याही चौघींचं एका जागी एकमत होतं.
हौदावर एक बाई होती.
तिनं शांतवनच्या पायांवर पाणी ओतलं
जात विचारायच्या आधी.
नाव कुणाला माहीत नाही.
तिथं आवाज आपोआप खाली येतो चौघींचा,
दीनाआत्यासुद्धा बैलगाडीतून उतरते.

रूफसची पाळी आली. परातीत पाणी वाजलं.
पाद्रीबाबांनी टाच ओंजळीत घेतली,
भेगांवरून अंगठा फिरवला, घाई न करता,
मी खापराच्या कडा धुते तसा.
रूफस छताकडे बघत होता.
मार्थाआत्यानं बाकाखाली हळूच चपला काढल्या.

घरी येताना, फडगेटाच्या सिग्नलला,
एस्तेरकाकू म्हणाली,
त्या बाईच्या घागरीला तडा होता, बरं का.
निम्मं पाणी वाटेतच गळलं, तरी पुरलं.

हे आजवर कुणी सांगितलं नव्हतं.
आत्यांनी एकमेकींकडे पाहिलं.
सिग्नल सुटला. कुणी खोडून काढलं नाही.

सोमवारी टबात हात घातला की
मी ते खापर शोधणार आहे.
सापडलं तर नंबर घालणार नाही.