साखरेच्या भिंती

चौथीतल्या प्रत्येकानं एक मिशन बांधायचं,
आमच्या गावची ही जुनी रीत.
मिसेस हालोरनची चिठ्ठी आली:
साखरेचे चौकोनी खडे, दोन डबे,
छपराला मॅकरोनी,
घंटेला काहीही चालेल.

ओदिलिया जेवणाच्या टेबलावर भिंत चढवते.
मी आत्ताच खऱ्या भिंतीवरून उतरलोय.
सान लुसियानोची पश्चिम बाजू, चुन्याचा दुसरा हात,
शनिवारी कुणाचं तरी लग्न आहे तिथं.
नखांत चुना तसाच,
मी तिला खडे धरून देतो.

"बाबा, हे कुणी बांधलं?"
तिच्या कागदावर उत्तराला एकच ओळ आहे,
एका पाद्र्याचं नाव मावेल एवढी.

दाराजवळ तिसऱ्या रांगेत एक फरशी आहे.
ओल्या मातीत कुणाचं तरी पाऊल पडलं,
ते तसंच भट्टीत गेलं.
गाईड सांगते, मुलं खेळत असत.
असतीलही.
एकदा कुणी नसताना मी वीत लावून पाहिली:
वीतभरसुद्धा नाही.

नोंदवहीत सहाशे अकरा, मुलगी, वय अंदाजे चार.
नाव मारिया.
सहाशे बारा, मारिया.
सहाशे चौदा, मारिया.
आधी काय हाक मारत, ते विचारलेलं नाही.
पुढच्या रकान्यात गोवर, गोवर, खाली पुन्हा तेच,
अक्षर मात्र कुठंही हललेलं नाही.
पुरलं कुठं, तर अंगणात.
अंगणात आता गुलाब आहेत, फार छान फुलतात.
मी तिथं फावडं खोल घालत नाही.

आणि तरी, आई रोज तिथंच मेणबत्ती लावायची.
संताबद्दल वावगं बोललो असतो
तर थोबाडीत बसली असती.
तीच आई ओकची बोंडं कुटून
पीठ पाण्यामागून पाण्यात धुवायची,
चाखायची, थुंकायची, पुन्हा धुवायची.
"अजून कडू आहे," म्हणायची.
हे तिला कुठल्या पाद्र्यानं शिकवलं नव्हतं.

सकाळी पाहतो तर टेबलावर मुंग्या.
घंटेखालचा कोपरा ढासळलेला,
खिडकीच्या जागी भगदाड.
मी फडकं घेऊन धावलो,
तर ओदिलिया आडवी आली.
"राहू दे. मिशनमधे माणसं नव्हतीच,
आता आली."

पुठ्ठा दोन्ही हातांवर तोलत ती बसकडे निघाली.
एकेक कण डोक्यावर घेऊन
माणसं भिंतीवरून चालली होती.
बांधत होती की परत नेत होती,
मी वाकून पाहिलं नाही.