बेबीच्चनचं शटर

साठी उलटलेला बाप्या, आणि नाव बेबी.
पहिल्यांदा ऐकलं तेव्हा कौलाच्या भट्टीवरच्या आम्ही सगळ्याजणी
पोट धरून हसलो होतो.
तोही हसला, ट्यूब पाण्यात बुडवून
बुडबुडे शोधता शोधता.

खानापुरात, गोव्याच्या रस्त्याला, त्याचं टायरचं दुकान.
रविवारी रात्री तो शटर खाली ओढतो,
त्यावर धुतलेली पांढरी लुंगी ताणून बांधतो,
आणि त्याच्या मुलखातली माणसं
आमच्या धुळीत येऊन उभी राहतात.
शटरच्या पट्ट्या लुंगीतून दिसतात,
त्यामुळं तिकडच्या प्रत्येकाच्या कपाळाला आठ्या.

घडतं काय? सांगण्यासारखं थोडंच.
एकाचा पाण्याचा पंप जळतो.
दुरुस्तीवाला उद्या येतो म्हणतो. येत नाही.
बायको मासळी धुते, ते पाणी माडाच्या बुडात ओतते.
म्हातारा पेपरात तोंड घालून बसलेला;
शेजाऱ्याशी त्याचं बोलणं बंद आहे
हे अर्ध्या तासानं कळतं, तेही
कुंपणावरून परत न आलेल्या वाटीमुळं.
भात उकडा, जाडा, लालसर,
पेज वेगळी काढून ठेवलेली.
हे तर आमच्या कल्लाप्पाचंच घर, मी म्हटलं.

मग कॅमेरा छपरावर गेला
आणि मी उठूनच उभी राहिले.
वीस वर्षं कौलं वाजवते मी, बोटाच्या पेरानं, एकेक.
भाजलेलं खण्ण बोलतं, चिरलेलं बद्द.
डाव्या कडेचं तिसरं चिरलेलं होतं.
दहा मिनिटांनी तिथूनच गळलं.

बेबीच्चन सांगत होता,
ही बोली आमच्या एका खोऱ्याची.
पुढच्या जिल्ह्यात गेलं की लोक हसतात.
मग सिनेमात कशी आली?
तो गोंधळला. म्हणाला,
तिथली माणसं तशीच बोलतात, म्हणून.

आमचं बोलणं पुण्यात गेलं की कानडी हेल,
धारवाडात गेलं की मराठी वास.
पडद्यावर त्याला कामं दोनच:
चहा आणून ठेवणं, हशा आणून ठेवणं.
पाट्यांवरून इथं डांबर सांडलं, डोकी फुटली,
पण ह्या बोलण्याची पाटी
इकडच्यांनी लावली नाही, तिकडच्यांनीही नाही.

लुंगीच्या काठावर इंग्रजी अक्षरं पळत होती.
माझी नात पवित्रा, शाळा कन्नड, घर मराठी,
ती वाचून मोठ्यानं सांगत होती सगळ्यांना:
‘ती म्हणूलाल्या, पंप कवा करून देतोस?
तो म्हणूलालाय, सुम्म बस गे, करूलालोय न्हवं!’
कुणीच हसलं नाही.
भरमा विडी पेटवायची विसरला.
त्या देखण्या बाईच्या तोंडून
आमच्या नळावरचं बोलणं येत होतं
आणि ते तिला शोभत होतं.

शेवटाला पंप सुरू झाला.
म्हातारा वाटी घेऊन कुंपणापाशी गेला, थांबला,
शेजाऱ्याकडं बघून ओठ हलवले.
पवित्रा माझ्या मांडीवर झोपून गेली होती.
काय म्हणाला, काय म्हणाला, मागून कालवा.
‘जेवलास काय बा?’ मी म्हटलं.

बेबीच्चननं वळून बघितलं, मान डोलावली.
खरंच तसं म्हणाला होता, की माझं मन राखलं,
मी विचारलं नाही.
लुंगीची गाठ सोडायला
उठले तेवढी.