तिसरी चिठ्ठी

मँचेस्टरच्या संग्रहालयात, सगळ्यात वरच्या मजल्यावर,
कपाट क्रमांक एकशे बारा.
मंगळवार-गुरुवार मी इथे बिनपगारी येते,
कागदावरून सुटलेल्या काड्या पुन्हा चिकटवायला.

हेस्टर ऑलरनशॉ हे नाव पहिल्यांदा वाचलं
ते एका वाळक्या लव्हाळ्याच्या पायाशी.
तिरकं, काटकसरी अक्षर,
जणू कागदाला भाडं पडत होतं.

टॉडमॉर्डनच्या विणकराची मुलगी.
बाप सहा दिवस मागावर, रविवारी दलदलीत,
खिशात पाव, खिशात शेवाळं, दोन्ही एकाच खिशात.
त्यानं शिकवलं: देठ बोटांत फिरव.
गवत असेल तर गरगर फिरेल.
लव्हाळा अडेल, त्याला तीन धारा असतात.
आई म्हणायची, हिच्या नखांतला चिखल बघून
कोण मागणी घालणार हिला?
कुणी घातली की नाही, त्याची नोंद
या कपाटात नाही.

पगाराच्या वहीत ती 'तात्पुरती मदतनीस'.
चोवीस वर्षं तात्पुरती.
प्रोफेसर हॅल्सॉल तिच्या भिंगातून बघत
आणि आपल्या नावानं छापत.
शेवटच्या पानावर, बारीक टाइपात,
मिस ऑ. यांच्या सोशिकपणाबद्दल आभार.

चाळीसच्या डिसेंबरात बॉम्ब पडत होते
तेव्हा तिनं गठ्ठे तळघरात नेले, अकरा खेपा.
एका कागदावर चहाचा गोल डाग आहे.
खाली पेन्सिलनं: डाग माझा. हे. ऑ.

कोल्हापूरजवळून आलेला एक कागदही आहे तिच्या हाताखालून गेलेला.
भातखाचराची कड, सप्टेंबर,
स्थानिक नाव: 'लवाला'.
शेजारी तिचं प्रश्नचिन्ह.
ऐंशी वर्षं ते कुणाची तरी वाट बघत होतं.
मी पेन्सिलला टोक काढलं,
लिहिलं, लव्हाळा,
आणि उगाच मोठ्यानं म्हणूनही दाखवलं कपाटाला.

तिचं स्वतःचं म्हणावं असं काम एकच.
माळरानावरच्या ज्या लव्हाळ्याला सगळे एक समजत
ते दोन आहेत, असं तिचं म्हणणं.
एकाच्या फळाची चोच अर्ध्या मिलिमीटरनं लांब.
त्या अर्ध्या मिलिमीटरवर तिनं तेरा वर्षं घालवली,
सहाशे बारा फळं मोजली,
पन्नाशी उलटल्यावर, पहिल्यांदा, स्वतःच्या नावानं छापलं.
नव्या जातीला नाव दिलं ते बापाचं नाही, स्वतःचं नाही,
ज्या ओढ्याकाठी ती सापडली त्या ओढ्याचं.
कागदावरच्या जुन्या चिठ्ठीशेजारी
स्वतःची चिठ्ठी लावली. दुसरी.

गेल्या महिन्यात प्रयोगशाळेचं पत्र आलं.
डीएनए तपासला. एकच जात आहे.
पाणी जास्त मिळालं की चोच लांबते, इतकंच.
नाव रद्द.

मी काय काय रचून ठेवलं होतं मनात!
अन्याय, मग उशिरा का होईना न्याय,
भिंतीवर तिचा फोटो, खाली मी टाळ्या वाजवतेय.
आणि ही बाई चक्क चुकली होती.

इथला नियम असा की जुनी चिठ्ठी काढायची नाही.
खोडायची नाही, झाकायचीही नाही.
नवी तिच्या बाजूला लावायची, तारीख घालून.
म्हणून हॅल्सॉलांची आहे, तिची आहे,
आता ही तिसरी, छापील, कुणाच्याच अक्षरात नसलेली.

खळ लावण्याआधी मी भिंग ओढलं
आणि मोजलं. पुन्हा मोजलं.
अर्धा मिलिमीटर आहे.
तिनं बघितलं ते तिथे आहे,
फक्त त्याला नाव लागत नाही.

चिठ्ठी जरा वाकडी बसली. राहू दिली.

बसस्टॉपमागे, तुंबलेल्या गटाराच्या कडेला
काहीतरी हिरवं उगवलं होतं.
एकशे बेचाळीस नंबर येईपर्यंत
त्याचा देठ बोटांत फिरवत होते.
अडत होता.